दुसरे राजहंस

(नभोवाणीवरील भाषणाचे संपादित रूप)

राजहंस हे आडनाव उच्चारले की मराठी माणसाच्या डोळ्यांसमोर एकच मूर्ती उभी राहते. नारायण श्रीपाद राजहंस, म्हणजे आपले बालगंधर्व. श्रोतेहो, आज मी ज्यांच्याविषयी बोलणार आहे ते राजहंस दुसरे. त्यांचे नाव बलदेन सिंग राजहंस. पडद्यावर नाव यायचे ते बी. एस. राजहंस असे. यांचा प्रांत नाटकाचा नव्हता, सिनेमाचा होता. आणि भाषा मराठी नव्हती, मलाय होती. हिंदुस्थानातून सिंगापूरला गेलेल्या या माणसाने १९३४ साली मलाय भाषेतला पहिला चित्रपट दिग्दर्शित केला.

माझी त्यांच्याशी ओळख झाली ती एका शब्दामुळे. आमचे नाना, म्हणजे आईचे वडील, तरुणपणी आगबोटीवर खलाशी होते. कोकणातल्या मुसलमान घरांत हे नवीन नाही. प्रत्येक मोहल्ल्यात एखादा तरी म्हातारा असतो, ज्याला रत्नागिरीपेक्षा एडनचा बाजार जास्त ठाऊक असतो. नाना सिंगापूरला बरेचदा गेले होते. बोट धक्क्याला लागली की एक संध्याकाळ सिनेमाची. भाषा कळायची नाही, पण तिकीट स्वस्त आणि गाणी भरपूर. ओटीवर बसून ते आम्हा मुलांना सांगायचे, "तिकडं चिंता म्हणजे प्रेम रे. पोरगा पोरीला म्हणतो, मला तुझी चिंता आहे, आणि पोरगी लाजते!" आम्ही हसून लोळायचो. आमच्या घरात चिंता म्हणजे किराणावाल्याची उधारी.

पुढे कविता लिहायला लागलो तेव्हा हा शब्द परत आठवला. शोधत गेलो तर 'चिंता' नावाचा एक मलाय चित्रपटच सापडला, १९४८ सालचा. दिग्दर्शक, बी. एस. राजहंस. मग त्यांच्या बाकीच्या चित्रपटांची नावे पाहिली. 'नीलम'. 'नसीब'. 'राचुन दुनिया', म्हणजे जगाचे विष. मी यादी बायकोला वाचून दाखवली तर ती म्हणाली, "हे सगळे हिंदी सिनेमे आहेत का?" तिचे काही चुकले नव्हते. मलाय भाषेत भाषेला 'बहासा' म्हणतात, आवाजाला 'सुआरा' म्हणजे आपला स्वर. नवरा 'सुआमी', बायको 'इस्तेरी'. साबणाला साबुन आणि खुर्चीला 'कुर्सी'. एका अंगाने संस्कृत आली, दुसऱ्या अंगाने अरबी-फारसी, आणि मलायने दोघींना घरात घेतले. आपल्या मराठीनेही तेच केले आहे. फरक एवढाच की तिकडे चिंतेचे प्रेम झाले आणि आपल्याकडे प्रेमाची चिंता.

पण शब्दांआधी गोष्टी गेल्या होत्या, आणि त्या मुंबईहून गेल्या होत्या. एकोणिसाव्या शतकाच्या उत्तरार्धात मुंबईच्या पारशी नाटक मंडळ्या बोटीत पडदे, पेट्या आणि नटसंच घालून रंगून, पेनांग, सिंगापूर असे दौरे काढत. नाटके हिंदुस्थानीत. पेनांगच्या मलाय प्रेक्षकांना शब्द कळत नव्हते, तरी ते गर्दी करत. परीचे आकाशातून उतरणे, रंगवलेल्या पडद्यावरचे महाल, चाली लागलेली गाणी, याला दुभाष्या लागत नाही. तिथे या खेळांना 'वायांग पार्सी' असे नावच पडले. मोहम्मद पुशी नावाच्या एका गृहस्थाने अशाच एका मंडळीचे सामान विकत घेतले आणि १८८५ मध्ये मलाय भाषेत खेळ करणारी मंडळी काढली. नाव 'पुशी इंद्र बांगसावान'. त्या नावातला इंद्र 'इंद्रसभे'ची आठवण देतो, आणि बांगसावान या शब्दात आपला वंश बसला आहे. खानदानी, उच्चकुलीन असा त्याचा अर्थ.

या बांगसावानचा संसार मोठा गमतीचा होता. आज 'लैला मजनून', उद्या 'गुल बकावली', परवा 'हॅम्लेट', तेरवा एखादी चिनी दंतकथा. दोन प्रवेशांच्या मध्ये पडदा पडला की पुढे नाचगाण्याचा तुकडा. प्रेक्षकांत मलाय, चिनी, तमिळ, अरब सारे. आपल्या संगीत नाटकाची मंडळी आणि ही मंडळी समोरासमोर आली असती तर भाषा सोडून बाकी सगळे एकमेकांना समजले असते असे मला वाटते.

आता १९३४ साल. त्याच्या आधी तीन वर्षे मुंबईत 'आलम आरा' बोलला होता. दोन वर्षांपूर्वी कोल्हापुरात प्रभातचा 'अयोध्येचा राजा' मराठीत बोलला होता. बोलपटाने एक मोठी अडचण केली आणि एक मोठी सोय केली. मूकपट कुठेही चालायचा, बोलपटाला भाषा आली. आणि भाषा आली म्हटल्यावर आपल्या भाषेत ऐकायला लोक पैसे मोजतील हेही व्यापाऱ्यांच्या लक्षात आले. सिंगापुरात मुंबईच्या मोतीलाल केमिकल कंपनीचा कारभार होता. नाव रसायनांचे, पण कंपनी हिंदुस्थानी चित्रपट आणून दाखवण्याचा धंदाही करीत होती. तिचा कारभार पाहणारे चिश्ती. मलाय लोक न कळणारे हिंदुस्थानी चित्रपट पाहतात आणि कळणारे बांगसावानही पाहतात, हे त्यांनी रोज बघितलेले. दोन्ही एकत्र केले तर? दिग्दर्शनाला राजहंस आणि नट बांगसावानचे, असा बेत ठरला. गोष्ट 'लैला मजनून'.

या निवडीकडे मी नेहमी थांबतो. मलाय भाषेला तिच्या स्वतःच्या कथा नव्हत्या असे नाही. हांग तुआ या वीराची कथा तिथल्या पोराटोरांना पाठ. तरी पहिला चित्रपट निघाला तो अरबस्तानच्या वाळवंटातल्या वेड्या प्रियकराचा. काही टीकाकारांना यात परकेपणा दिसतो. मला तो तितकासा दिसत नाही. ही कथा मुळात कुणा एकाची राहिलेलीच नाही. अरबीतून निघाली, निझामीने बाराव्या शतकात तिचे फारसी महाकाव्य केले, आपल्या अमीर खुस्रोने तिला हात लावला, फुझूलीने तुर्की घातली, मुंबईच्या रंगभूमीने पेटी-तबला दिला, आणि बांगसावानने तिला मलाय केले. सिंगापूरच्या प्रेक्षकाला १९३४ मध्ये लैला पाहुणी नव्हती, घरचीच होती. राजहंस यांनी प्रेक्षकाला जे अर्धे ठाऊक आहे तेच पडद्यावर दिले. पहिल्या वेळी तरी मीही तेच केले असते.

फातिमा जस्मान लैला झाली, सय्यद अली मजनू. २७ मार्च १९३४ रोजी बीच रोडवरच्या मार्लबरो थिएटरात चित्रपट लागला.

आज त्याची प्रत उपलब्ध नाही. त्या काळची फिल्म नायट्रेटची असे. ती दमट हवेत सडते आणि ठिणगी लागली तर भडकते. सिंगापूरची हवा बाराही महिने ओली. एखाद्या भाषेत माणूस पडद्यावर पहिल्यांदा काय बोलला, कोणत्या स्वरात बोलला, ते आता कुणाला ऐकता यायचे नाही. आपण फार मान वर करू नये. 'आलम आरा'ची प्रत आपल्यालाही जपता आली नाही. 'अयोध्येचा राजा' राहिला हे मराठीचे भाग्य. मला कवी म्हणून या गोष्टीचे फार वाटते. पहिल्या कवितेची वही हरवलेली असणे निराळे, आणि एका भाषेची पहिली हाक हरवलेली असणे निराळे.

पुढची काही वर्षे शॉ बंधूंची. रनमे आणि रन रन शॉ, शांघायहून आलेले चिनी भाऊ. त्यांच्याकडे थिएटरांची साखळी होती. त्यांनी चीनहून आलेल्या हौ याओ या दिग्दर्शकाकडून मलाय चित्रपट करवून घेतले. म्हणजे मलाय नट, चिनी दिग्दर्शक, आणि कथाही बहुतेक चिनी साच्याच्या. मग १९४२ च्या फेब्रुवारीत जपान्यांनी सिंगापूर घेतले. पहिल्या काही आठवड्यांत चिनी वस्तीतले हजारो पुरुष वेचून मारले गेले. हौ याओ त्यांत होते.

युद्धानंतर १९४७ मध्ये राजहंस पुन्हा कॅमेऱ्यामागे दिसतात. चिश्तींच्याच सहभागातून उभ्या राहिलेल्या कंपनीसाठी त्यांनी 'सेरुआन मर्देका' काढला. सेरुआन म्हणजे हाक. मर्देका म्हणजे स्वातंत्र्य. अभ्यासक त्याचे मूळ संस्कृत 'महर्द्धिक' शब्दात दाखवतात. गोष्ट जपानी अमलाविरुद्ध मलाय आणि चिनी तरुण एकत्र लढतात अशी. १९४७ साली ही गोष्ट करणे सोपे नव्हते, कारण युद्ध संपता संपता मलायात या दोन समाजांत रक्त सांडले होते आणि जखम ओली होती. मलायाला प्रत्यक्ष मर्देका मिळायला अजून दहा वर्षे होती, ३१ ऑगस्ट १९५७ पर्यंत. 'लैला मजनून'वाला माणूस तेरा वर्षांनी इथे पोचला हे मला महत्त्वाचे वाटते. राजहंस यांना नुसता धंदेवाईक म्हणणाऱ्यांनी हा चित्रपट विसरू नये.

त्याच साली शॉ बंधूंनी जालान अंपास या गल्लीतल्या आठ नंबरच्या स्टुडिओत मलाय फिल्म प्रॉडक्शन्सचे काम सुरू केले आणि राजहंस यांना बोलावले. पहिला चित्रपट 'सिंगापुरा दी-वाक्तु मालाम', रात्रीच्या वेळचे सिंगापूर. वाक्तु म्हणजे आपला वक्त. १९६७ पर्यंत या स्टुडिओतून दीडशेच्या वर चित्रपट बाहेर पडले. कारखानाच तो. महिन्याच्या पगारावर नट, महिन्याच्या पगारावर वादक, आणि बहुतेक दिग्दर्शक हिंदुस्थानातून आणलेले.

१९४८ मध्ये राजहंस नव्या गळ्याच्या आणि नव्या चेहऱ्यांच्या शोधात उत्तरेकडे गेले. पेनांग बेटासमोर मुख्य भूमीवर बुकित मर्ताजाम नावाचे गाव आहे. तिथे शेतकऱ्यांचा मेळा भरला होता आणि मेळ्यात एका वाद्यवृंदाचा कार्यक्रम होता. त्यात एकोणीस वर्षांचा एक पोरगा व्हायोलिन वाजवत होता आणि स्वतः रचलेले गाणे गात होता. पेनांगचाच, वडील सुमात्राच्या आचेहून आलेले. नाव झकरिया, पण लोक त्याला पी. रामली म्हणत. पी म्हणजे वडिलांच्या पुतेह या नावातले आद्याक्षर.

आज मलेशियात आणि सिंगापुरात पी. रामली हे नाव काय आहे ते सांगायचे तर आपल्याकडचा एक माणूस पुरत नाही. नट, दिग्दर्शक, लेखक, गायक, संगीतकार, विनोदवीर. पण त्या दिवशी तो मेळ्यातला एक पोरगा होता आणि त्याच्या गालांवर मुरुमांचे डाग होते. सिनेमाचा नायक म्हणून कुणीही दुसऱ्यांदा पाहिले नसते. राजहंस यांनी पाहण्याआधी ऐकले. सिंगापूरला ये म्हणाले. ऑगस्ट १९४८ मध्ये रामली सिंगापूरला पोचला.

'चिंता' हा त्याचा पहिला चित्रपट. नायक रूमाई नूर, नायिका सिपुत सरावाक. रामलीला खलनायकाचे छोटे काम दिले, आणि पार्श्वगायनही त्याच्याकडे सोपवले. नायक रूमाई नूर पडद्यावर ओठ हलवतो तेव्हा आवाज रामलीचा. म्हणजे गोष्टीत ज्याच्यापासून नायिकेला वाचवायचे, त्याच्याच गळ्याने नायक तिच्यावरचे प्रेम गातो! प्रेक्षकांना हे ठाऊक असेल की नाही कोण जाणे. मला मात्र हे कळल्यापासून 'चिंता' या शब्दात मराठी अर्थही ऐकू येतो. प्रेम एकाचे, आवाज दुसऱ्याचा.

आणि हीच त्या सबंध सिनेमाची दुखरी नस होती. जालान अंपासच्या स्टुडिओत काम कसे चाले पाहा. हिंदुस्थानातून आलेला दिग्दर्शक पटकथा बहुधा इंग्रजीत लिही. मग एखादा मलाय सहायक तिचे संवाद मलायमध्ये आणी. चित्रणाच्या वेळी दिग्दर्शक सांगणार, सहायक ते नटाला समजावणार, नट बोलणार. पुढे स्वतः नावाजलेले दिग्दर्शक झालेले जमील सुलोंग यांनी सुरुवातीला हेच काम केले होते. कथा पुष्कळदा मुंबई, मद्रास, कलकत्त्याच्या चित्रपटांतून उचललेल्या. त्यामुळे कंपुंगातली, म्हणजे तिथल्या खेड्यातली मुलगी पडद्यावर झाडाभोवती फिरू लागली, मुंबईच्या नायिकेसारखी मान वेळावू लागली.

१९५० मध्ये सिंगापुरात मलाय लेखकांची 'आंगकातान सास्तेरावान ५०' ही चळवळ सुरू झाली. त्या काळातल्या मलाय लेखकांनी आणि पत्रकारांनी या चित्रपटांवर कोरडे ओढले. आमचे लोक असे वागत नाहीत, असे बोलत नाहीत; आमच्या भाषेतला सिनेमा आमच्या माणसांना करू द्या, अशी त्यांची मागणी.

श्रोतेहो, इथे मला जरा माझ्याविषयी बोलावे लागेल. मी मुसलमान आहे आणि मराठीत कविता लिहितो. कवितावाचनानंतर हमखास कुणीतरी जवळ येऊन कौतुकाने म्हणते, "तुमचं मराठी फार छान आहे हो!" माझ्या शेजारी बसलेल्या जोशी-पाटलांना असे कुणी म्हणत नाही. म्हणणाऱ्याच्या मनात काही वाईट नसते. पण प्रत्येक वेळी मला आठवते, की मी घरातच आहे असे समजत होतो आणि कुणीतरी या, बसा म्हणाले. म्हणून राजहंस यांच्याकडे 'बाहेरचा माणूस' म्हणून बोट दाखवले की माझे मन आधी त्यांच्या बाजूला जाते.

आणि तरी मी त्या मलाय लेखकांना चूक म्हणू शकत नाही. माझी गोष्ट निराळी आहे. मराठीत मी बाहेरून आलेलो नाही. माझ्या आजीने मला शिव्याही याच भाषेत दिल्या. मलाय नट, मलाय प्रेक्षक, आणि मधे सगळे ठरवणारा माणूस मात्र दुसऱ्याच भाषेत विचार करणारा, हे किती दिवस चालावे? बरे, तो माणूस वाईट नव्हता, मेहनती होता, त्यानेच सुरुवात केली होती, हे सगळे खरे. पण सुरुवात केली म्हणून शेवटपर्यंत त्यानेच बोलावे असे कुणी म्हणणार नाही. एक मात्र आहे. राजहंस यांच्या बाबतीत टीकाकारांना हवा होता तो माणूस, तो आवाज, त्यांनीच पेनांगहून आणून स्टुडिओत ठेवला होता. तो रोज शिकत होता.

१९४९ चा 'नसीब' आणि 'नीलम', १९५० चे 'राचुन दुनिया' आणि 'अलोहा' या राजहंस यांच्या चित्रपटांत रामली लहानमोठी कामे करत राहिला. त्याला नायक केला तो मात्र दुसऱ्या हिंदुस्थानी दिग्दर्शकाने, एल. कृष्णन यांनी, १९५० च्या 'बक्ति'मध्ये. बक्ति म्हणजे आपली भक्ती, तिकडे सेवा या अर्थाने. त्यात पहिल्यांदा रामलीचा आवाज रामलीच्याच ओठांवर आला. डागांचे कुणाला काही वाटले नाही.

मलाय माणसाने दिग्दर्शित केलेला चित्रपटही लवकरच आला. १९५२ मध्ये हाजी महादी यांचा 'पेरमाता दी पेर्लिम्बाहान', चिखलातले रत्न अशा अर्थाचा. तो चालला नाही. शॉ बंधू व्यापारी. त्यांनी हिशेब पाहिला आणि पुन्हा हिंदुस्थानातून आलेल्या दिग्दर्शकांकडे वळले. १९५६ मध्ये मलाय वीराची कथा 'हांग तुआ' अखेर रंगीत झाली तीसुद्धा आपल्या फणी मुजुमदारांच्या हातून. मुंबईला परतल्यावर ज्यांनी मीनाकुमारीचा 'आरती' केला तेच हे. त्यात हांग तुआ झाला होता रामली.

त्याच्या आदल्या वर्षी, १९५५ मध्ये, रामलीला स्वतः दिग्दर्शन करायला मिळाले होते. त्याने राजवाडा घेतला नाही, परी घेतली नाही, लैलाही घेतली नाही. चित्रपटाचे नाव 'पेनारेक बेचा'. तीन चाकी सायकल रिक्षा ओढणारा एक गरीब माणूस आणि बंगल्यातली एक मुलगी. मुलीचा बाप श्रीमंत आणि कंजूष. गोष्ट आपल्याला नवीन नाही, तिथल्यांनाही नसावी. पण पोरगा रिक्षा थांबवून घाम पुसतो आणि दोन शब्द बोलतो, ते कंपुंगातल्या माणसाला आपल्या दारात ऐकू येतात तसे आले. लोकांनी रांगा लावल्या. नानांनी पाहिलेला सिनेमा हाच असावा असा माझा आपला समज आहे. रिक्षावाल्याची एक चाल ते दाढी करताना शिट्टीवर वाजवायचे.

नट रामली, कथा रामलीची, संगीत रामलीचे. आणि चित्रणाच्या वेळी दिग्दर्शक नि नट यांच्यामध्ये उभे राहून एकाचे दुसऱ्याला सांगणारा सहायक त्या चित्रपटाला लागला नाही.